पाहुणे कामगार : जर्मनी आणि चाकण

पश्चिम जर्मनीने ३० ऑक्टोबर १९६१ रोजी तुर्कस्तानशी कामगारभरतीचा करार केला. या ‘पाहुण्या’ कामगारांच्या मुक्कामाची मूळ मर्यादा दोन वर्षे होती. शिकवून तयार केलेला माणूस वारंवार बदलणे कारखानदारांनाच परवडेना. १९६४ मध्ये ती मर्यादा काढण्यात आली. १९७३ मध्ये भरती थांबली, तेव्हा अनेकांनी परतण्याऐवजी कुटुंबेच बोलावून घेतली.

चाकण पट्ट्यात कंत्राटावर राबणारे बिहार, उत्तर प्रदेश, मराठवाडा, विदर्भ येथील तरुण स्वदेशातच आहेत. त्यांना परवाना लागत नाही. तथापि कंत्राटाची मुदत हीच त्यांच्या मुक्कामाची अघोषित मर्यादा ठरते. १९७९ च्या आंतरराज्य स्थलांतरित कामगार कायद्याला परप्रांतीयांची नोंद अपेक्षित होती. लातूरहून आलेला मुलगा मात्र त्या व्याख्येतच बसत नव्हता.