फारसी रुपेरी पडद्यावरील भय

पहिला फारसी बोलपट तेहरानात नव्हे, तर मुंबईत निर्माण झाला, हे आपल्यापैकी अनेकांस ठाऊक नसेल. अर्देशीर इराणी यांच्या इंपीरियल फिल्म कंपनीने १९३३ साली ‘दुख्तर-ए-लुर’ पडद्यावर आणला. त्याचे लेखक व नायक अब्दुलहुसेन सेपन्ता यांनी स्वदेशापासून दूर राहून मायबोलीला पडद्यावर वाणी दिली.

त्या वाणीत भयाचा सूर मिसळला तो तबरीझ येथे १९२३ साली जन्मलेल्या सॅम्युएल खाचिकियान यांनी. मुशेग सरवरियान यांच्यासह दिग्दर्शित केलेल्या ‘शबनशीनी दर जहन्नम’ या चित्रपटात एक कृपण धनिक स्वप्नात नरकयात्रा करतो. हा चित्रपट १९५८ च्या बर्लिन महोत्सवात दाखविला गेला. पुढे ‘फरियाद-ए-नीमेशब’ (१९६१) व ‘दिलहुरे’ (१९६२) यांतील भीती नरकातून नव्हे, तर माणसाच्या गुन्ह्यातून उपजते. ‘दिलहुरे’ या शब्दाचा अर्थच मुळी धास्ती!

खाचिकियान इराणातील अल्पसंख्य आर्मेनियन समाजाचे. सेपन्ता मुंबईतील प्रवासी. फारसी चित्रपटाच्या जडणघडणीत या दोघांचा वाटा मोठा आहे. परप्रांतात मराठी जपणाऱ्या आम्हांस हा इतिहास म्हणूनच जवळचा वाटतो.