राजाभाऊंचे सहाय्यक

मंडळी, 'अष्टविनायक' (1979) आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिला असेल. पण त्याचा दिग्दर्शक कोण, असं विचारलं तर?

राजदत्त. मूळ नाव दत्तात्रय अंबादास मायाळू, जन्म 1932, विदर्भातले. वर्तमानपत्रातली नोकरी करून हा तरुण राजा परांजपे यांच्याकडे सहाय्यक म्हणून आला. राजाभाऊ तेव्हा 'लाखाची गोष्ट', 'पेडगावचे शहाणे' (दोन्ही 1952) करून मोठे झालेले. 'राजदत्त' मधला 'राज' गुरूंचा आणि 'दत्त' स्वतःचा, असं सांगतात.

सहाय्यक नेमकं काय करतो, ते पडद्यावर दिसत नाही. चित्रपट सलग चित्रित होत नाही ना! माणूस दारातून आत येतो ते आज, आणि खोलीत बसतो ते महिन्यानं. मग पदर कुठल्या खांद्यावर होता, कप कुठल्या हातात होता, दिवा लागला होता की नाही, हे सगळं टिपून ठेवायचं ते सहाय्यकानं. चुकलं तर बोलणी त्याला, जमलं तर टाळ्या दिग्दर्शकाला. आमच्या दाभोळच्या खाडीवर तरी पहिल्याच दिवशी कोण तांडेल होतो? आधी खलाशी होऊन जाळी ओढावी लागतात.

'मधुचंद्र' हा त्यांचा पहिला चित्रपट 1967 चा. काशिनाथ घाणेकर आणि उमा. राजदत्त तेव्हा पस्तीस वर्षांचे. आमच्या शाळांतून पस्तिशीचा मास्तर हेडमास्तर व्हायची स्वप्नं बघू लागतो, इथे पदार्पण!

पण गुरूची नक्कल त्यांनी केली नाही, हे मला महत्त्वाचं वाटतं. राजाभाऊंचा हात विनोदावर आणि 'पाठलाग' (1964) सारख्या रहस्यावर. राजदत्त पुढे वेगळ्याच वाटेनं गेले. 'शापित' (1982) वेठबिगारीवर, 'पुढचं पाऊल' हुंडाबळीवर, 'सर्जा' (1987) शिवकाळातला. तिन्हींना सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'शापित' तर त्यांनी अरविंद देशपांडे यांच्याबरोबर केला. स्वतःचं नाव झाल्यावर श्रेय वाटून घेणं सोपं नसतं. वर्षानुवर्षं दुसऱ्याच्या चित्रपटासाठी राबलेल्या माणसाला ते जमलं असावं, असं मला वाटतं.

2024 मध्ये पद्मभूषण जाहीर झाला, वयाच्या ब्याण्णवाव्या वर्षी. असो.

दूरदर्शनवरची 'गोट्या' मालिकाही त्यांचीच. 'सर्जा' आणि 'गोट्या' एकाच माणसानं केलेत, हे आमच्या घरातल्या पोरांना काही केल्या पटत नसे.