‘सिंक्रोमी’: पडद्यावर दिसणारा आवाज

कॉम्प्युटरवर गाणं लावलं की स्क्रीनवर रेषा नाचतात, तो व्हिज्युअलायझर तुम्ही पाहिला असेल. तिथे सॉफ्टवेअर आवाज मोजतं आणि ठरलेल्या नियमाने चित्र काढतं. नॉर्मन मॅक्लॅरेन यांनी कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डमध्ये १९७१ साली केलेल्या ‘सिंक्रोमी’ या सुमारे साडेसात मिनिटांच्या फिल्ममध्ये असा दुभाषी नाहीच. पडद्यावर दिसणारे रंगीत पट्टे हाच तिचा साउंडट्रॅक आहे.

हे समजायला जुनी फिल्मची रीळ आठवा. चित्रांच्या शेजारी एक अरुंद पट्टी असते, तिला ऑप्टिकल साउंडट्रॅक म्हणतात. प्रोजेक्टरमधला दिवा तिच्यातून प्रकाश सोडतो, पलीकडे फोटोसेल असतो. पट्टी सरकते तसा प्रकाश कमी-जास्त होतो, त्यानुसार विजेचा प्रवाह बदलतो आणि स्पीकर वाजतो. म्हणजे त्या पट्टीवर काहीही काढा, मशीन ते इमानदारीत वाजवणार!

मॅक्लॅरेन यांनी १९४० च्या ‘डॉट्स’मध्ये हा आवाज थेट फिल्मवर हाताने काढला होता. पुढे एव्हलिन लॅम्बार्ट यांच्यासोबत त्यांनी पट्ट्यांची कार्डं बनवली. एकेका स्वराला एकेक कार्ड, ते कॅमेऱ्याने साउंडट्रॅकच्या जागी शूट करायचं.

यामागचं गणित सोपं आहे. सेकंदाला २४ फ्रेम जातात. एका फ्रेममध्ये १० पट्टे असतील तर सेकंदाला २४० कंपनं. ४४० हर्ट्झच्या स्वराला फ्रेममागे साधारण १८ पट्टे लागतात. एक सप्तक वर जायचं तर पट्टे दुप्पट आणि तितकेच बारीक. आवाज मोठा हवा तर पट्टा रुंद करायचा. पट्ट्यांच्या कडा एकदम धारदार, त्यामुळे सूर जुन्या व्हिडिओ गेमसारखा इलेक्ट्रॉनिक वाटतो. सिंथेसायझर मात्र कुठेच नाही. १९५२ च्या ऑस्करविजेत्या ‘नेबर्स’चं संगीतही याच कुळातलं.

‘सिंक्रोमी’त आधी संगीत तयार झालं. मग तेच पट्टे चित्राच्या चौकटीत उभ्या रांगांमध्ये आणून रंगवले. एक तांत्रिक अडचण होती: ३५ मिमी प्रोजेक्टरमध्ये आवाज वाचणारा भाग चित्राच्या भिंगापासून सुमारे २० फ्रेम लांब असतो. त्यामुळे प्रिंटवर एकाच क्षणाचे चित्र आणि आवाज तेवढ्या अंतराने छापावे लागतात, नाहीतर पाऊण सेकंदाची गडबड!

रंगांची निवड मात्र पूर्णपणे मॅक्लॅरेन यांची. साउंडट्रॅकला रंगाशी काही देणंघेणं नसतं. पाहताना आधी रंगांकडे लक्ष जातं. दुसऱ्यांदा फक्त पट्ट्यांची जाडी बघा. जाड पट्टे आले की खर्जातला सूर, बारीक आले की वरचा. मिनिटभरात तुम्ही संगीत ‘वाचायला’ लागाल.