जगातला पहिला नग्नतावादी गट ठाण्यात जन्मला, आणि रत्नागिरीच्या बदलीने संपला!

नग्नतावाद म्हटलं की युरोपातले समुद्रकिनारे डोळ्यांसमोर येतात. पण अशा विचाराने बांधलेला, माहीत असलेला पहिला गट 1891 साली ठाण्यात सुरू झाला. मिरजोळ्याहून रोज रत्नागिरीत कामाला जाणाऱ्यांनाही या गोष्टीचा शेवट आपल्या शहराशी जोडलेला आहे, हे क्वचितच माहीत असतं.

कोणी सुरू केला?

चार्ल्स एडवर्ड गॉर्डन क्रॉफर्ड या इंग्रज न्यायाधीशाने. (क्रॉफर्ड मार्केटवाले आर्थर क्रॉफर्ड वेगळे.) गटाचं नाव होतं 'फेलोशिप ऑफ द नेकेड ट्रस्ट'. सभासद फक्त तीन: विधुर क्रॉफर्ड आणि काल्डरवुड नावाचे दोन भाऊ, एका मिशनऱ्याची मुलं. माथेरानच्या एकांतात ते विवस्त्र राहत. ही माहिती उरली ती क्रॉफर्डने इंग्लंडमधले समाजवादी लेखक एडवर्ड कार्पेंटर यांना लिहिलेल्या पत्रांमुळे.

हेतू काय होता?

क्रॉफर्डने तीन कारणं दिली होती: आरोग्य, नीती आणि सौंदर्य. इथल्या उकाड्यातही साहेबाने अंगभर कपड्यांत घामाघूम व्हायचं, हे त्याला पटत नव्हतं. शरीर झाकून ठेवल्यानेच त्याबद्दल विकृत कुतूहल वाढतं, असं त्याचं म्हणणं. कार्पेंटर तर कपड्यांकडे माणसामाणसांत भेद पाडणारी गोष्ट म्हणून बघत.

पण खरंच समता होती का?

इथेच मेख आहे. गटात ना एकही स्त्री होती, ना एकही भारतीय. लंगोटीवर शेतात राबणारा माणूस साहेबांच्या लेखी 'मागासलेला' होता. साहेबाने कपडे उतरवले की मात्र तो विचार ठरत होता.

शेवट कसा झाला?

1892 मध्ये क्रॉफर्डची रत्नागिरीला बदली झाली आणि गट विस्कटला. पुढे त्याने पुन्हा लग्न केलं. 1894 मध्ये तो वारला. जर्मनीत संघटित चळवळ उभी राहिली ती त्यानंतर. तिथे 1920 च्या दशकात आडोल्फ कोख यांनी कामगारांसाठी विवस्त्र व्यायामाच्या शाळा चालवल्या. 1933 मध्ये नाझींनी अशा संस्थांवर बंदी आणली.

मराठीत हा विचार कोणी मांडला?

र. धों. कर्वे यांनी. तेही मूळचे रत्नागिरी जिल्ह्यातल्या मुरूडचे. 1927 साली सुरू केलेल्या 'समाजस्वास्थ्य' मासिकात त्यांनी नग्नतेत मुळात अश्लील काही नाही, अशी भूमिका घेतली. त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले. 1934 च्या खटल्यात त्यांचं वकीलपत्र डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी घेतलं होतं. कर्वे हरले, त्यांना दंडही झाला, पण 1953 मध्ये मरेपर्यंत त्यांनी मासिक सोडलं नाही.

क्रॉफर्डने तोच विचार बंद दाराआड जपला, म्हणून त्याला किंमत मोजावी लागली नाही. कर्व्यांनी तो छापला, आणि किंमत मोजली.