इग्निशन कॉइल

इग्निशन कॉइल (प्रज्वलन वेटोळे) हे पेट्रोल किंवा सीएनजीवर चालणाऱ्या इंजिनातील एक विद्युत उपकरण आहे. बॅटरीच्या १२ व्होल्ट दाबाचे रूपांतर ते हजारो व्होल्टांमध्ये करते. या उच्च दाबामुळे स्पार्क प्लगच्या फटीत ठिणगी पडून सिलिंडरमधील इंधन व हवेचे मिश्रण पेटते. डिझेल इंजिनात दाबलेल्या हवेच्या उष्णतेनेच इंधन पेटत असल्याने त्यात ही कॉइल नसते.

रचना व कार्य

लोखंडी गाभ्याभोवती तांब्याच्या तारेची दोन वेटोळी असतात. प्राथमिक वेटोळ्यात जाड तारेचे काहीशे, तर दुय्यम वेटोळ्यात अतिशय बारीक तारेचे हजारो वेढे असतात. प्राथमिक वेटोळ्यातील प्रवाह अचानक खंडित केला की चुंबकीय क्षेत्र नाहीसे होते आणि विद्युतचुंबकीय प्रवर्तनाने दुय्यम वेटोळ्यात उच्च दाब निर्माण होतो. जुन्या मोटारींत प्रवाह खंडित करण्याचे काम डिस्ट्रिब्युटरमधील कॉन्टॅक्ट पॉइंट करीत असत. आता ते इलेक्ट्रॉनिक नियंत्रकाकडून होते. अनेक आधुनिक इंजिनांत प्रत्येक प्लगवर स्वतंत्र कॉइल बसवलेली असते.

बिघाडाची लक्षणे

इंजिन थरथरणे, चढावर ताकद कमी पडणे, सुरू होण्यास विलंब लागणे, इंधनाचा वापर वाढणे व ‘चेक इंजिन’ दिवा लागणे ही प्रमुख लक्षणे होत. न जळलेले इंधन धुरांड्याच्या मार्गात जाऊन पेटल्यास कॅटॅलिटिक कन्व्हर्टर अतितप्त होऊन निकामी होऊ शकतो. त्यामुळे हा दिवा लुकलुकत असल्यास वाहन चालवत राहणे हानिकारक ठरते.

चाचणी व निदान

ओबीडी स्कॅनरवर पी०३०१ ते पी०३०४ हे संकेतांक अनुक्रमे पहिल्या ते चौथ्या सिलिंडरमध्ये प्रज्वलन चुकत असल्याचे दर्शवतात. मात्र हा दोष प्लग, इंजेक्टर किंवा कमी कॉम्प्रेशनमुळेही उद्भवतो. म्हणून केवळ संकेतांकावरून कॉइल बदलणे योग्य नसते.

स्वतंत्र कॉइल असलेल्या इंजिनात अदलाबदल ही सोपी चाचणी आहे. इंजिन बंद करून संशयित कॉइल शेजारच्या सिलिंडरवर बसवतात. दोष कॉइलबरोबर सरकला, उदाहरणार्थ पी०३०२ ऐवजी पी०३०३ दिसू लागला, तर कॉइल सदोष ठरते. दोष मूळ जागीच राहिल्यास प्लग, वायरिंग व इंजेक्टर तपासावे लागतात.

मल्टिमीटरने दोन्ही वेटोळ्यांचा रोध मोजून तो उत्पादकाच्या पुस्तिकेतील मूल्याशी ताडून पाहतात. प्राथमिक रोध साधारणपणे काही ओहम किंवा त्याहूनही कमी असतो, तर दुय्यम रोध हजारो ओहम असतो. अनंत रोध म्हणजे तार तुटलेली असणे, तर फारच कमी रोध म्हणजे वेढ्यांमध्ये शॉर्टसर्किट असणे. या चाचणीला मर्यादा आहेत. थंड असताना योग्य रोध दाखवणारी कॉइल तापल्यावर बंद पडू शकते, तसेच अंतर्गत इलेक्ट्रॉनिक मंडल असलेल्या कॉइलचे निदान केवळ रोध मोजून होत नाही. अशा वेळी स्पार्क टेस्टर किंवा ऑसिलोस्कोप वापरतात.

सुरक्षितता

चालू इंजिनावरील कॉइल किंवा प्लगची तार ओढून ठिणगी पाहण्याची पद्धत धोकादायक आहे. तिच्यामुळे तीव्र विजेचा धक्का बसू शकतो व नियंत्रकही बिघडू शकतो. पेसमेकर बसवलेल्या व्यक्तींनी चालू प्रज्वलन यंत्रणेपासून दूर राहणे आवश्यक असते.