आळंदीचा नाद घडवणारे हात

आळंदीचा इतिहास आपण सांगतो तो शब्दांचा आणि चमत्कारांचा. 1296 मध्ये ज्ञानेश्वरांनी घेतलेली समाधी, चांगदेवांना सामोरी गेलेली भिंत, वेद बोललेला रेडा, यांतच गावाची ओळख सामावली आहे असे आपण मानतो. टाळ, वीणा आणि पखवाज यांच्याकडेही आपण त्याच नजरेने पाहतो. वाद्याला नमस्कार केल्याशिवाय ते हाती घेत नाहीत आणि त्याचा नाद देवाघरचा समजतात. ही श्रद्धा आदरणीयच आहे, पण तेवढ्यावर थांबले तर त्या नादामागचे कसब दिसेनासे होते. पखवाजाचा स्वर ही पिढ्यानपिढ्या कानाने पारखलेली विद्या आहे. म्हणून वारकरी परंपरेच्या इतिहासात ग्रंथकार आणि कीर्तनकार यांच्या पंक्तीला वाद्य घडवणारा कारागीरही बसला पाहिजे.

याचा सर्वांत भक्कम पुरावा पखवाजाच्या उजव्या पुडीवरच, म्हणजे वाजवायच्या कातड्यावरच, आहे. ताणलेल्या साध्या कातड्यावर थाप मारली तर गोंगाट निघतो, स्वर निघत नाही. कारण त्याचे वरचे कंप मूळ कंपाच्या पूर्ण पटीत नसतात, पहिलाच सुमारे 1.59 पट असतो. कारागीर यावर शाईचा उपाय करतो. लोखंडाची बारीक पूड खळीत मळून तिचा पातळ थर पुडीच्या मध्यावर द्यायचा, दगडाने घोटायचा, सुकू द्यायचा आणि मग त्याहून लहान घेराचा पुढचा थर चढवायचा. घोटता घोटता शाईला केसासारख्या भेगा पडतात. त्या भेगांमुळेच जाड झालेली शाई कातड्याबरोबर लवते आणि नाद मोकळा राहतो. प्रकाशाच्या विकिरणावरील संशोधनासाठी 1930 चे नोबेल मिळवणारे सी. व्ही. रामन यांनी त्याआधीच, 1920 मध्ये, शिवकाली कुमार यांच्यासह अशा शाईच्या वाद्यांचा अभ्यास ‘नेचर’मध्ये मांडला होता. मध्यावरच्या या वजनामुळे कातड्याचे विस्कळीत कंप सुरेल पटींत येतात, हे त्यांनी दाखवून दिले. प्रयोगशाळेने स्पष्ट केलेली गोष्ट कारागिरांच्या हातात कितीतरी आधीपासून होती. नाट्यशास्त्रातही नदीकाठच्या मातीचा लेप देऊन वाद्य सुरात आणण्याची रीत सांगितली आहे.

या विद्येला आळंदीत टिकाऊ आधार कशाने मिळाला? वारीने, हे उत्तर चटकन सुचते आणि ते बरोबरही आहे. हैबतरावबाबांनी एकोणिसाव्या शतकात ज्ञानेश्वरांच्या पालखीला शिस्तबद्ध रूप दिले. रथापुढे 27 दिंड्यांचा मान ठरलेला आहे, आणि मृदंगाशिवाय, म्हणजे पखवाजाशिवाय, दिंडी उभी राहत नाही. पालखी निघते ज्येष्ठ वद्य अष्टमीला, म्हणजे पावसाच्या तोंडावर. दमट हवेत कातडे सैलावते आणि स्वर उतरतो. मग पुडीच्या काठच्या गजऱ्यावर हातोडी, ताण देणाऱ्या वादीखालचे गट्टे सरकवणे, धुम्याला म्हणजे डाव्या तोंडाला पुन्हा कणीक, हे सारे वाटेत करावे लागते. पण वारी ठरावीक दिवसांची. वर्षभराची गरज निर्माण केली ती विष्णुबुवा जोग यांनी 1917 मध्ये आळंदीत स्थापन केलेल्या वारकरी शिक्षण संस्थेने. पुढे गावात अशा अनेक संस्था निघाल्या. मराठवाडा, विदर्भ, खानदेश येथून आलेली मुले इथे राहून कीर्तन, गायन, पखवाज शिकतात. शिकाऊ हाताखाली पुडी लवकर फाटते. ती बदलणारा माणूस जवळ असणे ही मग सोय राहत नाही, शिक्षणाचाच भाग होते.

यावर आक्षेप येतील. पखवाज काही आळंदीचा नाही, तो ध्रुपदाच्या बैठकीतही वाजतो आणि वाद्ये पुण्यात, मिरजेतही बनतात, असे कोणी म्हणेल. ते खरे आहे. जन्मस्थानाचा मान आळंदीसाठी मागण्याचे कारणच नाही. वाद्य एकदा घडते आणि आयुष्यभर जुळवावे लागते, आणि ते जुळवणे जिथे मोठ्या प्रमाणावर चालते अशा गावांत आळंदी येते. दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: भक्ती भावाची भुकेली, तिला सुरेल वाद्याची काय गरज? पण शेकडो टाळकरी एका चालीवर पावले टाकतात तेव्हा त्यांना बांधून ठेवणारा आधार मृदंगाच्या स्वराचा आणि लयीचाच असतो. तो ढळला की समूहही विस्कटतो. शिवाय भावाचे कारण पुढे करून कारागिराला वगळण्याचा आपला इतिहास फार जुना आहे. कातडे कमावण्याचे काम ज्या जातींच्या माथी मारले गेले, त्यांना पंढरपूरच्या विठ्ठलमंदिराचे दार 1947 मध्ये साने गुरुजींच्या उपोषणानंतर उघडले. त्यांच्या हातचे कातडे गाभाऱ्यासमोर वाजत होते आणि ते स्वतः बाहेर उभे होते. कसबाला नाव न देणे हा त्याच अन्यायाचा उरलेला अंश आहे.

आज फायबरची खोडे आणि नट-बोल्टचे पखवाज आले आहेत. चाकण-पिंपरीच्या यंत्रयुगात हे होणारच, आणि पावसात चालणाऱ्या वारकऱ्याला त्यांचा उपयोगही आहे. पण नट आवळून ताण बदलतो, शाईचा थर कुठे थांबवायचा हे कळत नाही. तो निर्णय अजून कानच घेतो. म्हणून आळंदीच्या संस्थांनी अभंग आणि ओव्यांबरोबर पुडी मढवणे, शाई भरणे हेही अभ्यासक्रमात घ्यावे, ते करणाऱ्यांना गुरुजी म्हणून वर्गात बोलवावे आणि त्यांच्या पद्धती नावानिशी लिहून ठेवाव्यात.