सावेदादांची कुस्ती

भारतीय अनुबोधपटाचा आरंभ एका मराठी छायाचित्रकाराने केला, याचा आम्हांस अभिमान आहे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये दोन मल्लांची कुस्ती चित्रित केली. नाटक-तमाशा सोडून त्यांस कुस्तीच सुचावी, हे मोठे मार्मिक! फीत धुण्यासाठी विलायतेस धाडावी लागली. १९०१ साली केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजपे यांचे स्वागतही त्यांनीच टिपले.

त्या फिती आज उपलब्ध नाहीत. त्या मल्लांनी कोणते डाव टाकले, हे पाहण्याची सोय उरलेली नाही. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले, तोवर कित्येक मूकपट नष्ट झाले होते.

आमच्या मंडळाच्या आरंभीच्या गणेशोत्सवांच्या फिती कोणाच्या पेटीत आहेत, याची विचारपूस आम्ही घरोघर सुरू केली आहे.